रानडुकरांचा उपद्रव : शिकारीची परवानगी कशी मिळवावी ?

(शेतकरी मेळाव्यात दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)



आज मला रब्बी हंगामाच्या नियोजनावर बोलण्यास सांगितले होते. परंतु सकाळी शिवार फेरीत आपणांपैकी एकानेही मला बियाण्याचा किंवा खताचा प्रश्न विचारला नाही. जो तो एकच विचारत होता, "साहेब, डुकरं मारायचा परवाना कुठं मिळतो ?" म्हणून आयोजकांच्या संमतीने आज मी विषय बदलत आहे.

विषय बदलण्यास आणखी एक कारण आहे. काही वर्षांपूर्वी एका गावात मी मक्यावरील लष्करी अळीविषयी व्याख्यान दिले होते. व्याख्यान संपल्यावर एका शेतकऱ्याने डुकरांचे विचारले. मी म्हणालो, "तो वन खात्याचा विषय आहे" आणि गाडीत बसलो. महिनाभराने त्याच गावाहून निरोप आला. त्या शेतकऱ्याचा कणसाला आलेला मका एका रात्रीत लोळविला गेला होता. दुसऱ्या रात्री त्याने मोटारीच्या पेटीतून उघडी तार काढून बांधाला लावली. पहाटे पाण्याची पाळी धरण्यास त्याच्याच चुलतभावाचा मुलगा त्या बांधावरून आला. मुलगा एकोणीस वर्षांचा होता. मी भेटीस गेलो तेव्हा त्या शेतकऱ्याने कोनाड्यातला एक कोरा कागद मला दाखविला आणि म्हणाला, "अर्ज लिहायला आणला होता. कुणाच्या नावानं लिहायचा तेच कळलं नाही."

बंधूंनो, ते सांगणे माझे काम होते. त्या दिवशी मी ते केले नाही, ते आज करतो.

शिकारीचा परवाना आता नाही

प्रथम एक गैरसमज दूर करू. पूर्वी शिकारीचा परवाना मिळत असे, हे खरे आहे. जुन्या मुंबई राज्यात १९५१ चा वन्य प्राणी व वन्य पक्षी संरक्षणाचा कायदा होता. त्यानंतर १९७२ साली केंद्र शासनाचा वन्यजीव (संरक्षण) अधिनियम आला. त्यातही सुरुवातीस मोठी शिकार, लहान शिकार असे परवान्यांचे प्रकार होते. आपल्या आजोबांकडे तसा कागद असेल तर तो खोटा नव्हता. परंतु १९९१ साली या कायद्यात दुरुस्ती झाली व शिकारीचे परवाने बंद झाले. आज हौसेखातर किंवा मांसासाठी शिकार करण्याचा परवाना महाराष्ट्रातच काय, देशात कोठेही मिळत नाही. असा परवाना काढून देतो म्हणून कोणी पैसे मागत असेल तर तो आपणांस फसवीत आहे.

'शिकार' या शब्दाचा कायद्यातील अर्थही समजून घ्यावा. केवळ गोळी घालणे म्हणजे शिकार नव्हे. विष घालणे, फासे लावणे, सापळा मांडणे, आमिष ठेवणे, जनावर जखमी करणे, हे सर्व शिकारीत मोडते. तसा प्रयत्न करणे हाही गुन्हाच आहे. २०२२ साली झालेल्या व एप्रिल २०२३ पासून लागू असलेल्या दुरुस्तीनुसार अशा गुन्ह्यास ३ वर्षांपर्यंत कैद, १ लाख रुपयांपर्यंत दंड किंवा दोन्ही होऊ शकतात. वाघ, बिबट्या, अस्वल, गवा, काळवीट, मोर यांसारखे प्राणी-पक्षी अनुसूची १ मध्ये आहेत. त्यांच्या शिकारीस कमीत कमी ३ वर्षे व जास्तीत जास्त ७ वर्षे कैद आणि किमान २५ हजार रुपये दंड अशी तरतूद आहे.

मग शेतकऱ्याला काय मिळते ?

परवाना मिळत नाही, परंतु परवानगी मिळते. या दोहोंतील फरक ध्यानात ठेवावा. परवाना हा माणसाला दिला जातो व तो वर्षभर वापरता येतो. परवानगी ही एका ठरावीक उपद्रवासाठी, ठरावीक क्षेत्रासाठी व ठरावीक मुदतीसाठी असते.

वन्यजीव अधिनियमाच्या कलम ११ मध्ये ही सोय आहे. रानडुक्कर व रोही (काही भागांत यालाच नीलगाय म्हणतात) हे अनुसूची २ मधील प्राणी आहेत. असा प्राणी माणसाच्या जीवितास किंवा मालमत्तेस धोकादायक झाला आहे अशी खात्री पटल्यास मुख्य वन्यजीव रक्षक किंवा त्यांनी अधिकार दिलेला अधिकारी कारणे नमूद करून लेखी आदेशाने त्याच्या शिकारीस परवानगी देऊ शकतो. येथे 'मालमत्ता' या शब्दात शेतातील उभे पीक येते, असे कायद्यातच स्पष्ट लिहिले आहे. म्हणजे आपले पीक वाचविण्यासाठी परवानगी मागणे ही मेहेरबानीची याचना नव्हे, ती कायद्याने दिलेली वाट आहे.

जुलै २०१५ मध्ये महाराष्ट्र शासनाने पिकांचे नुकसान करणाऱ्या रानडुक्कर व रोही यांच्याबाबत शासन निर्णय काढला आणि परवानगीचे अधिकार स्थानिक पातळीवरील वनाधिकाऱ्यांपर्यंत आणले. त्यामुळे आता आपल्या भागाच्या वनपरिक्षेत्र अधिकाऱ्यांकडे, म्हणजे ज्यांना आपण रेंजर साहेब म्हणतो त्यांच्याकडे अर्ज करावयाचा असतो.

अनुसूची १ मधील प्राण्यांसाठी मात्र ही वाट नाही. बिबट्या शेताजवळ दिसला एवढ्यावरून कोणालाही त्यास मारण्याची परवानगी देता येत नाही. तो अधिकार फक्त मुख्य वन्यजीव रक्षकांचा आहे. तोही प्राणी माणसाच्या जीवितास धोकादायक झाला असेल अथवा बरा न होण्याइतका जखमी किंवा आजारी असेल तरच वापरता येतो.

बंदुकीचा परवाना ही वेगळी गोष्ट आहे

पुष्कळांची येथे गल्लत होते. बंदूक बाळगण्याचा परवाना शस्त्र अधिनियम, १९५९ खाली मिळतो. तो जिल्हादंडाधिकारी व जेथे पोलीस आयुक्तालय आहे तेथे पोलीस आयुक्त देतात. वयाची २१ वर्षे पूर्ण झालेली असावी लागतात. अर्ज केल्यावर पोलिसांमार्फत चौकशी होते. या कायद्यात पीक संरक्षणासाठी ठासणीच्या बंदुकीचा खास उल्लेख आहे. तेवढ्याने भागत नाही अशी खात्री पटल्यास काडतुसाच्या गुळगुळीत नळीच्या बंदुकीचा परवानाही देता येतो. २०१९ च्या दुरुस्तीनंतर शस्त्र परवान्याची मुदत ३ ऐवजी ५ वर्षे झाली आहे. मुदत संपण्यापूर्वी नूतनीकरणाचा अर्ज करावा.

पण लक्षात ठेवा, घरात परवान्याची बंदूक आहे म्हणून डुक्कर मारता येत नाही. बंदुकीचा कागद जिल्हा कचेरीचा आणि जनावर मारण्याचा कागद वन खात्याचा. दोन्ही कागद हाती असतील तरच पुढे जावे.

अर्ज कसा करावा ?

१) नुकसान दिसताच शेताचे फोटो काढावेत. पायांचे ठसे, उकरलेली जमीन, मोडलेली ताटे, विष्ठा हे सर्व फोटोत यावे. शक्य झाल्यास शेजारच्या दोन शेतकऱ्यांना दाखवून ठेवावे.

२) अर्ज वनपरिक्षेत्र अधिकाऱ्यांच्या नावे साध्या कागदावर लिहावा. त्यात आपले नाव, गाव, गट क्रमांक, क्षेत्र, पीक व पिकाची अवस्था, कोणता प्राणी, अंदाजे किती प्राणी, कोणत्या तारखांना नुकसान झाले आणि आजवर राखणीचे कोणते उपाय केले हे क्रमाने लिहावे.

३) परवानगी मिळाल्यास प्रत्यक्ष कारवाई कोण करणार हेही लिहावे. आपणांकडे बंदूक नसेल तर ज्यांच्याकडे परवाना आहे अशा व्यक्तीचे नाव, त्यांची संमती व त्यांच्या शस्त्र परवान्याची प्रत जोडावी.

४) अर्जासोबत सात-बाराचा चालू उतारा, ओळखपत्राची प्रत व फोटो जोडावेत. जमीन वाट्याने किंवा खंडाने करीत असाल तर मालकाचे संमतीपत्र घ्यावे.

५) अर्जाच्या दोन प्रती कराव्यात. एकीवर तारीख, सही व शिक्का घेतल्याशिवाय कार्यालयातून बाहेर पडू नये. तोंडी सांगितले, फोनवर सांगितले, याला कागदावर किंमत नाही.

६) एकट्याने अर्ज करण्यापेक्षा एका शिवारातील आठ-दहा जणांनी एकाच दिवशी अर्ज करावेत व ग्रामसभेचा ठराव जोडावा. कळप एका गटापुरता थांबत नाही, तो शिवारभर फिरतो. अधिकाऱ्यांनाही त्यामुळे उपद्रवाचे खरे चित्र दिसते.

अधिकारी किंवा वनरक्षक पाहणीस येतील तेव्हा स्वतः हजर राहावे. अर्ज नामंजूर झाला तर कारण लेखी मागावे व उपवनसंरक्षकांकडे दाद मागावी.

परवानगी मिळाल्यावर

आदेश हाती आल्यावर तो दोनदा वाचावा. प्राणी कोणता, संख्या किती, गट क्रमांक कोणते, मुदत केव्हापर्यंत, हे त्यात असते. त्याबाहेर एक पाऊलही टाकू नये. जनावर जखमी होऊन जंगलात पळाले तर त्याच्या मागे बंदूक घेऊन जाऊ नये. ताबडतोब वनरक्षकास कळवावे. अभयारण्यात किंवा राष्ट्रीय उद्यानात शस्त्र घेऊन शिरणे हा स्वतंत्र गुन्हा आहे.

मारलेले जनावर शासनाची मालमत्ता असते. त्याचे मांस वाटणे, खाणे, विकणे, सुळे किंवा कातडे ठेवणे गुन्हा आहे. कित्येक प्रकरणांत परवानगी खरी असते, पण नंतर शिजविलेल्या मटणाने माणूस अडकतो. जनावर जेथे पडले तेथेच ठेवावे, वन खात्यास कळवावे आणि त्यांच्या समक्ष पंचनामा व विल्हेवाट होऊ द्यावी. पिले सोबत असलेल्या मादीवर गोळी चालवू नये.

गोळी चालविण्यापूर्वी शेजारच्या शेतात कोणी राखणीस आहे काय, पाण्याची पाळी कोणाची आहे, हे गावात विचारून घ्यावे. अंधारात हलणाऱ्या ताटावर गोळी घालू नये. ताटामागे माणूसही असू शकतो.

नुकसानभरपाईचा अर्ज वेगळा करावा

परवानगीचा अर्ज दिला म्हणजे भरपाईचा अर्ज झाला असे नाही. रानडुक्कर, रोही, हरिण, गवा, माकड, हत्ती यांनी केलेल्या पीक नुकसानीस शासनाकडून अर्थसाहाय्य मिळते. त्यासाठी नुकसान झाल्यापासून ३ दिवसांच्या आत नजीकच्या वनरक्षक, वनपाल किंवा वनपरिक्षेत्र कार्यालयात तक्रार नोंदवावी लागते. पुष्कळ अर्ज या एका कारणाने बाद होतात. माणूस बाजारहाट उरकून चौथ्या दिवशी जातो आणि मग खात्याला दोष देतो.

पंचनामा होईपर्यंत नुकसान झालेला भाग नांगरू नये किंवा जनावरांना चारू नये. वनजमिनीवर अतिक्रमण करून घेतलेल्या पिकास आणि वन्यजीव कायद्याखाली शिक्षा झालेल्या व्यक्तीस हे साहाय्य मिळत नाही. साहाय्याचे दर शासन वेळोवेळी बदलते. म्हणून चालू दर कार्यालयातच विचारून घ्यावेत, कोणा मध्यस्थाकडून नव्हे.

पीक विम्याबाबतही एक बदल झाला आहे. वन्यप्राण्यांमुळे होणारे नुकसान प्रधानमंत्री पीक विमा योजनेत खरीप २०२६ पासून जादा संरक्षण म्हणून घेण्याचा निर्णय केंद्र शासनाने नोव्हेंबर २०२५ मध्ये जाहीर केला. यात ७२ तासांच्या आत विम्याच्या ॲपवर फोटोसह सूचना द्यावयाची आहे. कोणते प्राणी व कोणते क्षेत्र यात यावयाचे हे राज्याने अधिसूचित करावयाचे असल्याने आपल्या तालुक्याची माहिती कृषी कार्यालयातून घ्यावी.

हे कदापि करू नये

१) वीज वाहिनीची उघडी तार बांधाला लावू नये. घरगुती २३० व्होल्टचा प्रवाह सलग वाहतो आणि हात चिकटला की सुटत नाही. माणूस मेला तर सदोष मनुष्यवधाचा गुन्हा लागू शकतो. वीजचोरीचा गुन्हा वेगळा, वन्यप्राणी मेला तर तो आणखी वेगळा.

२) कणकेत किंवा फळात स्फोटके भरून ठेवू नयेत. गाय, कुत्रे किंवा गुराख्याचे पोर त्यास बळी पडते.

३) दाणेदार कीटकनाशक आमिषात मिसळून ठेवू नये. मेलेले जनावर खाऊन कोल्हे, घारी, गावातील कुत्री मरतात व विष पाण्यात उतरते.

४) क्लचच्या तारेचे फासे लावू नयेत. डुकरासाठी लावलेल्या फाशात बिबट्या अडकतो आणि गुन्हा अनुसूची १ चा होतो.

राखणीचे उपाय

परवानगी हा शेवटचा उपाय आहे. एक डुक्कर मारल्याने शिवार मोकळे होत नाही. डुकरीण एका वेताला चार-सहा पिले सहज देते. म्हणून राखणीचे उपाय सोबत चालूच ठेवावेत.

डुकराची नजर अधू, पण नाक तीक्ष्ण असते. ते वासाने भुईमूग, मका, ऊस, कंद शोधते. भुईमुगाभोवती काटेरी करडईच्या चार ओळी दाट पेराव्यात. मक्याभोवती एरंडीच्या ओळी घ्याव्यात. त्यामुळे पिकाचा वास झाकला जातो आणि करडईचे काटे अंगाला टोचतात. बांधाच्या आत दोन फूट रुंद व दीड फूट खोल चर खोदल्यास डुकरांना अटकाव होतो. रोही मात्र चर व ठेंगणे कुंपण सहज ओलांडतो. त्यासाठी उंच जाळी किंवा सौर कुंपण लागते.

सौर कुंपणात बॅटरीवरील यंत्रातून सुमारे सेकंदाला एक असा क्षणभराचा झटका जातो. झटका बसतो, पण प्रवाह सलग नसल्याने जनावर किंवा माणूस तारेला चिकटून राहत नाही. यंत्र मान्यताप्राप्त बनावटीचेच घ्यावे, भूसंपर्क नीट करावा, तारेखालील गवत कापत राहावे आणि 'सावधान' असा फलक लावावा. त्या यंत्राऐवजी थेट वाहिनी जोडली की ते सौर कुंपण राहत नाही, तो सापळा होतो. डॉ. श्यामाप्रसाद मुखर्जी जन-वन विकास योजनेतून पात्र गावांना सौर कुंपणासाठी अनुदान मिळते. आपले गाव त्यात बसते काय हे वन कार्यालयात विचारावे.

सर्वांत स्वस्त उपाय म्हणजे पाळीपाळीने राखण. कणसात दूध भरल्यापासून काढणीपर्यंतचे दिवस धोक्याचे असतात. तेवढे दिवस चार-सहा घरांनी मिळून माचाणावर जागरण करावे. एकट्याने रोज जागणारा माणूस आठ दिवसांत थकतो आणि नवव्या दिवशी तारेकडे वळतो.

श्रोत्यांनी विचारलेले काही प्रश्न

प्रश्न : आमच्या गावात कोणाकडेच बंदूक नाही. मग परवानगीचा काय उपयोग ?

उत्तर : कायद्यात 'कोणत्याही व्यक्तीस' परवानगी देता येते. शेजारच्या गावातील परवानाधारकाचे नाव त्यांच्या संमतीने देता येईल. तेही शक्य नसेल तर वन खात्यानेच बंदोबस्त करावा असा अर्ज करावा, कारण अधिकारी स्वतःही कारवाई करवून घेऊ शकतात.

प्रश्न : डुकराने अंगावर चाल केली आणि हातातल्या कुऱ्हाडीने ते मेले तर ?

उत्तर : स्वतःचा किंवा दुसऱ्याचा जीव वाचविण्यासाठी सद्भावनेने केलेली कृती गुन्हा ठरत नाही. परंतु त्या वेळी आपण कायद्याविरुद्ध काही करीत असाल, उदाहरणार्थ फासे लावीत असाल, तर ही सवलत मिळत नाही. घटना लगेच वन खात्यास कळवावी. जनावर शासनाचेच राहते.

प्रश्न : निवडणुकीत बंदुका जमा करून घेतात आणि नेमके तेव्हाच पीक हाताशी येते.

उत्तर : ही अडचण खरी आहे, विशेषतः कोकणात. जमा करण्याचा आदेश आपणांस लागू असेल तर तो पाळावा व पावती जपून ठेवावी. पिकाच्या कारणास्तव सूट हवी असल्यास जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे मुदतीत लेखी विनंती करावी. बंदूक नसलेल्या दिवसांसाठी राखणीची पाळी आधीच लावून ठेवावी.

प्रश्न : रेंजर साहेबांचे कार्यालय तीस किलोमीटरवर आहे. रोज कोण जाणार ?

उत्तर : तक्रार गावच्या वनरक्षकाकडेही नोंदविता येते. त्यांचे नाव व फोन ग्रामपंचायतीच्या फलकावर लिहून घ्यावे. हंगाम सुरू होण्यापूर्वीच एक दिवस सवड काढून कार्यालय पाहून यावे. नुकसान झाल्यावर वाट शोधण्यात तीन दिवस निघून जातात.

बंधू-भगिनींनो, हातातोंडाशी आलेला घास जातो तेव्हा होणारा संताप मी समजू शकतो. माझ्या वडिलांचा भुईमूगही डुकरांनी उकरलेला मी पाहिला आहे. तरीही संतापाच्या रात्री घेतलेला निर्णय पहाटे कोणाच्या तरी घरी रडारड घेऊन येतो, हेही मी पाहिले आहे.

आज घरी गेल्यावर एक कोरा कागद घ्या. वरच्या डाव्या कोपऱ्यात 'प्रति, मा. वनपरिक्षेत्र अधिकारी' एवढे लिहून आपल्या तालुक्याचे नाव घाला आणि तो सात-बाराच्या उताऱ्यासोबत ठेवून द्या. वेळ येईल तेव्हा अर्ज कोणाच्या नावे लिहावयाचा हा प्रश्न तरी आपल्यापुढे राहणार नाही.